पुण्यनगरीय तांबडभोपळा-विचार

तांबडा भोपळा म्हणजे काय, हे प्रथम निश्चित केले पाहिजे. जे फळ मंडईत फोडीच्या रूपाने आणि स्वतःच्या वेलावर अखंड रूपाने प्राप्त होते, व या दोन अवस्थांमधील अंतरातून ज्याचे सर्व प्रश्न उद्भवतात, ते फळ तांबडा भोपळा होय. ही व्याख्या अतिव्याप्ती व अव्याप्ती या दोन्ही दोषांपासून मुक्त आहे. दुधी अखंडच विकला जातो, सबब तो वगळला. कोहळ्यास दारावर टांगून घेण्याचे स्वतंत्र कर्तव्य आहे. तंबोऱ्याचा भोपळा पंढरपूर-मंगळवेढ्याकडे भीमाकाठी पिकतो, मिरजेत त्याला तारा चढतात आणि पुणेकर त्याचे ग्रहण डिसेंबरात सवाई गंधर्व महोत्सवात कानाने करतात. तोही प्रस्तुत शास्त्राच्या कक्षेबाहेरचा.

आता देशकालविचार. पुणे समुद्रसपाटीपासून सुमारे ५६० मीटर उंचीवर, सह्याद्रीच्या पर्जन्यछायेत वसले आहे. लोणावळ्यास वर्षाकाठी चार हजार मिलिमीटरच्या आसपास कोसळणारा पाऊस येथे येईपर्यंत सातशेच्या घरात उतरतो. हवामान खात्याचे कार्यालय १९२८ साली शिमल्याहून या नगरीत आले, तरी भोपळ्याच्या दृष्टीने वर्षाची विभागणी करण्याचे कार्य प्रलंबितच राहिले. ती विभागणी अशी: (१) केवडाकाल, म्हणजे पावसाळा, यात पानांवर केवडा पडतो, परागकण भिजतात आणि फळमाशी कोवळ्या फळात अंडी घालते. (२) भुरीकाल, म्हणजे हिवाळा. यात बी जमिनीतून वर येण्यास अनुत्सुक असते व आलेल्या पानांवर पांढरी भुकटी धरते. (३) पुंपुष्पकाल, म्हणजे कडक उन्हाळा, ज्यात वेल केवळ नरफुले देऊन आपली जबाबदारी संपली असे मानतो.

लागवडीसाठी जून-जुलै आणि जानेवारी-फेब्रुवारी असे दोन हंगाम सर्वमान्य आहेत. प्रस्तुत लेखकाचे मत, निदान गच्चीपुरते, दुसऱ्याच्या बाजूने आहे. बी रात्रभर भिजवावे, ओल्या फडक्यात बांधून स्वयंपाकघरात उबेला ठेवावे आणि मोड आल्यावर जानेवारीच्या मध्यास लावावे. मार्चात फळधारणा होते आणि मेमधील पाणीकपातीचे फलक जिन्यात लागेपर्यंत बहुतेक कार्य उरकलेले असते.

वाणनिवडीच्या प्रचलित शास्त्रात तापमान, पर्जन्य व मृदा यांचा विचार होतो. शेजाराचा होत नाही. ही मूलगामी त्रुटी होय. चौघांच्या कुटुंबाची धारणशक्ती एका फळामागे एक किलो असते (भाजी, भरीत आणि एकवार घारगे धरून). त्यापुढे ताटावरून कोणीतरी उठते. अखंड फळ कोरड्या जागी दोन-तीन महिने टिकते, या आधारावर संग्रहवादी ते दिवाणाखाली ठेवण्याचा पक्ष मांडतात. परंतु विळ्याभोपळ्याचे सख्य सुप्रसिद्ध आहे, आणि ते एकदा जडले की उरलेला भाग थांबत नाही. म्हणून फळाच्या वजनातून धारणशक्ती वजा करून बाकीस अर्ध्या किलोने भागावे. येणाऱ्या संख्येस शेजारगुणक म्हणावे.

या कसोटीवर बंगळुरूच्या भारतीय बागायती संशोधन संस्थेचा 'अर्का सूर्यमुखी' सर्वांत एकांतप्रिय ठरतो: फळ एक ते दीड किलोचे, गुणक शून्य ते एक, शिवाय फळमाशीस दाद न देणारा. दिल्लीच्या भारतीय कृषी संशोधन संस्थेचा 'पुसा विकास' आखूड वेलाचा, सुमारे दोन किलोचा. ग्यालरीस अनुकूल, गुणक दोन. 'अर्का चंदन' दोन ते तीन किलोचा, गराने उत्तम, गुणक दोन ते चार. एका मजल्यावर चार सदनिका असल्यास विचारार्ह. 'पुसा विश्वास' सुमारे पाच किलोचा, गुणक आठ. ज्या कुटुंबाचे आठ शेजाऱ्यांशी बोलणे चालू आहे, त्याने हा वाण निःशंकपणे लावावा.

परागीभवनाच्या प्रश्नावर दोन संप्रदाय आहेत. वेलावर आठवडाभर आधी नरफुले येतात; त्यांचा देठ सडपातळ असतो. मादीफुलाच्या बुडाशी सुपारीएवढा भोपळा आधीच बसलेला दिसतो, आणि त्याकडे पाहूनच घरातील मंडळी पाककृती ठरवू लागतात. मधमाशी न आल्यास हा सुपारीभोपळा दोन-चार दिवसांत पिवळा पडून गळतो. मधमाशीविषयी संशोधन करणारी केंद्रीय संस्था १९६२पासून पुण्यातच आहे, या बळावर प्रतीक्षावादी सातव्या मजल्यावर वाट पाहतात. हस्तक्षेपवादी पहाटे उठतात, नरफूल खुडतात, पाकळ्या सोलून काढतात व मधला पिवळा दांडा मादीफुलाच्या मध्यभागी हलकेच फिरवतात. हे सकाळी नऊच्या आत व्हावे. पुढे फूल मिटू लागते. उरलेल्या नरफुलांची डाळीच्या पिठात बुडवून भजी करावीत, यावर मात्र दोन्ही संप्रदायांत मतैक्य आहे.

धरलेले फळ जुन्या ओढणीच्या झोळीत घालून ग्रिलला बांधावे. खालच्या मजल्यावरील रहिवाशांची लेखी संमती घेण्याचे मत अतिसावध म्हणून त्याज्य मानावे, पण गाठ दुहेरी असावी.

पक्वतानिर्णयात टिचकीवादी, नखवादी व देठवादी असे तीन पक्ष आहेत. टिचकीवाद्यांना भरीव-पोकळ नाद ऐकू येतो, तो इतरांस ऐकू येत नाही. नखवादी सालीत नख रुतत नाही तोवर थांबतात. घरात अनेक नखवादी असल्यास फळ चंद्रकोरींनी भरून जाते. देठ वाळून खरखरीत व्हावा, हे देठवाद्यांचे लक्षण सर्वांत निर्दोष असून त्यासाठी फळास हातही लावावा लागत नाही.

शेवटी प्रतिदान. शेजारी दिलेली फोड तीन प्रकारे फेडतात. आशयहीन प्रतिदानात डबा धुऊन, मूठभर साखर घालून परत येतो. विजातीय प्रतिदानात कढीपत्ता येतो. सजातीय प्रतिदानात त्याच भोपळ्याचे घारगे येतात, आणि ते मूळ घरच्या घारग्यांहून खुसखुशीत निघाल्यास पुढील वर्षी वाण एका श्रेणीने लहान निवडला जातो. या प्रकारात डबा एका घराचा व झाकण दुसऱ्या घराचे असे वारंवार आढळते. ते झाकण मुळात कोणाचे, याविषयी उभय पक्षांत अद्याप एकवाक्यता झालेली नाही.