काळ थोपवणारं यंत्र, बीड बनावटीचं

‘डॉक्टर हू’ या ब्रिटिश मालिकेचा नायक 1963 पासून निळ्या पोलीस खोक्यात बसून काळात हिंडतो आहे. असल्या विज्ञान-अद्भुत कथांत काळ भरकटू नये म्हणून एखादा स्थिरक असतो, आणि तो नेमका मोक्याला बिघडतो. या लेखकांनी बीड जिल्ह्यातल्या शिरूर कासारला एक चक्कर मारायला हवी होती. आमचा स्थिरक बिघडत नाही.

त्याला वीज लागत नाही (लागली असती, तर भारनियमनात काळ सुटला असता). लागते ती फक्त मंजुरी. अहमदनगर–बीड–परळी या 261 किलोमीटरच्या रेल्वेला ती 1995 साली मिळाली आणि काळ जागच्या जागी उभा राहिला. दर निवडणुकीत यंत्राचं तेलपाणी व्हायचं. बीडहून पहिली प्रवासी गाडी सुटली 17 सप्टेंबर 2025 ला. तोवर अहमदनगरचं अहिल्यानगर झालं होतं. नाव बदलायला रूळ टाकावे लागत नाहीत.

दुसरं मॉडेल याहून जुनं, घरोघरचं: ऊसतोडीचं. मुकादमाकडून उचल घ्यायची, दसरा-दिवाळीच्या सुमाराला कोयता घेऊन पश्चिम महाराष्ट्रात नाहीतर कर्नाटकात साखर कारखाना गाठायचा, उन्हाळ्यात परतायचं. उचल फिटलेली नसते, म्हणून पुन्हा उचल. बाप, लेक, नातू, साल तेच. रेल्वे आली तरी या यंत्राला धक्का नाही, टोळी ट्रकनं जाते.

कुणा कथालेखकाला हवं असेल तर दोन्ही मॉडेलं फुकट घेऊन जावीत. परत आणून द्यायची तसदी घेऊ नये.