अडीच पळे जमा

ज्याच्यापाशी एखादा मंत्र नाही असा पेन्शनर मला अद्याप भेटावयाचा आहे. कोणाचा विंचवावर चालतो, कोणाचा काविळीवर. आमच्या आळीतील निवृत्त शिरस्तेदारांचा मात्र थेट काळावरच चालतो, आणि काल टपाल निघण्याच्या घाईत असताना त्यांनी मला नाक्यावर गाठून तो चालवून दाखविला, म्हणून हा लेखनप्रपंच. टपाल अर्थातच गेले. "मास्तर, चिंता नको, अडीच पळे जमा झाली!" एवढे सांत्वन माझ्या पदरात पडले. अडीच पळे म्हणजे घड्याळी एक मिनिट.

हे कालस्तंभनस्तोत्र त्यांना म्हणे सिंहस्थात त्र्यंबकेश्वरी एका बैराग्याने दिले. ते शब्दशः कोणी ऐकलेले नाही. ओठ हलतात, पांढऱ्या मिशा किंचित थरथरतात, डावा अंगठा बंडीच्या खिशातील घड्याळावर असतो, आणि शेवटचा हुंकार झाला की बगलेतील लाल बासनातून कीर्द बाहेर पडते. स्तोत्र क्षणभर चालो वा घटकाभर, रक्कम ठरलेली: जमा, पळे अडीच. शंका काढाल तर आर्यभट अंगावर येतो. साठ गुरु अक्षरे उच्चारण्यास लागणारा काळ म्हणजे एक पळ, असे आर्यभटीयात खरोखरच आहे. तेव्हा अक्षर ज्याच्या जिभेवर, पळही त्याच्याच ताब्यात, आणि अक्षर ओढून म्हटले की पळ लांबलेच पाहिजे, हा त्यांचा युक्तिवाद कचेरीतील उभ्या हयातीत कोणत्याही मामलेदारास खोडता आला नसेल.

एका लग्नात भटजींनी हौसेने गंगाळात घटिकापात्र सोडले होते. चोवीस मिनिटांत बुडावयाचे ते तांब्याचे पात्र बुडेचना. वऱ्हाड्यांच्या मुठीतील अक्षता घामाने पिवळ्या झाल्या, मंगलाष्टके संपून पुन्हा पहिल्यापासून सुरू झाली, अंतरपाट धरणाऱ्यांचे हात भरून आले, आणि शिरस्तेदार डोळे मिटून, कृतार्थ मुद्रेने, ओठ हलवीत बसलेले. अखेर भटजींनी पात्र उचलून बुडाच्या छिद्रात अडकलेला तांदळाचा दाणा नखाने काढला. कीर्दीत त्याही दिवशी अडीच पळे जमा आहेत. दाण्याचा उल्लेख नाही.

मुंबईने तर त्यांना पुरतेच बिघडविले. रेल्वे प्रमाणवेळेने धावे, पण शहर कित्येक वर्षे आपल्या जुन्या मुंबई-वेळेला चिकटून राहिले होते, आणि ती एकोणचाळीस मिनिटे मागे असे. गाडीत स्तोत्र म्हणत हे बोरीबंदरास उतरले, बाहेर पडून मनोऱ्यावरचे घड्याळ पाहिले, आणि भर रस्त्यात कीर्द उघडून त्यांनी साडेसत्त्याण्णव पळे जमा केली! पुढे 1942 मध्ये युद्धास्तव सरकारने देशभराची घड्याळे तासभर पुढे सारताच, 'अर्जदाराच्या शिलकेतून दीडशे पळे विनानोटीस वजा केल्याबाबत' त्यांनी कलेक्टरसाहेबांकडे रीतसर अर्ज गुदरला. 1945 मध्ये तो तास परत मिळाला. अर्ज मंजूर झाला, अशी नोंद त्यांनी लाल शाईने केली आहे. आणि सूर्याला हुकुमाने तासभर पुढे ढकलणाऱ्या सरकारला जो हसला नाही, त्याने शिरस्तेदारांना हसावे काय, हा प्रश्न मला तेव्हापासून छळतो आहे.

ती कीर्द परवा ते चष्मा शोधीत असता माझ्या हाती आली. जमेची बाजू मला पाठ होती. खर्चाची बाजू मी प्रथमच पाहिली. आळीत कोणाचे दुखणे विकोपास गेले की हा गृहस्थ कंदील घेऊन न बोलावता जातो, रात्रभर उशाशी पुटपुटत बसतो, आणि त्यामुळे जागरणाने टेकीस आलेल्या घरच्यांना घटकाभर डोळा लागतो, हे आम्हा सर्वांस ठाऊक होते. पण त्याची नोंद होत असेल असे कोणाच्या स्वप्नीही आले नव्हते. 'खर्च: समोरील म्हातारीस, पळे तीनशे. मुलगा नागपुराहून यावयाचा आहे.' म्हातारी पहाटे गेली. मुलगा दुपारच्या गाडीने आला. त्या रकमेपुढे 'येणे नाही' असा बारीक अक्षरात शेरा आहे.

स्तोत्र शुद्ध थोतांड आहे, हे माझे मत कायम आहे, आणि टपाल चुकविल्याचा रागही कायम आहे. परंतु माझ्या घरी तशी रात्र उगवली, तर डॉक्टरांच्या आधी बोलावणे शिरस्तेदारांना जाईल.