बोलक्या भिंती, दोन व्याही

श्टुटगार्ट, रविवार दुपार

ती. आप्पा (मु. पो. शिरूर) आणि ती. पप्पा (मु. पो. दौंड),

दोघांना एकदमच साष्टांग नमस्कार. कुणाचं नाव आधी, यावरून मागच्या पत्राच्या वेळी रुसवेफुगवे झाले, म्हणून या वेळी वर्णानुक्रम लावलाय. गावांचा लावला असता तर दौंड आधी आलं असतं, हे पप्पांच्या लक्षात आलंच असेल.

सुविचारांच्या याद्या पोचल्या. आप्पांची टपालाने आली: फुलस्केप कागद, डावीकडे समास, प्रत्येक सुविचारापुढे तो कुणाचा ते, शेवटी सही आणि तारीख. पप्पांची व्हॉट्सअ‍ॅपवर आली, एकेक करून, गुलाब आणि उगवत्या सूर्यासकट. पप्पा, तुमचे सकाळचे सहा वाजतात तेव्हा इथे मध्यरात्र उलटलेली असते, हे पुन्हा एकदा नम्रपणे कळवते.

खरं तर मागणं लहान होतं. आमची रविवारची मराठी शाळा ज्या हॉलमध्ये भरते, तिथल्या मालकीणबाईंनी एक भिंत दिली आहे. खिळा ठोकायचा नाही, चिकटपट्टीचा डाग पडता कामा नये. पाच पोस्टरं बसतात. ‘काही सुचतंय का’ एवढंच मी विचारलं होतं. त्यावर शिरूर-चौफुला रस्त्याने तुमच्या एकमेकांकडे फेऱ्या सुरू झाल्या, असं आई सांगत होत्या.

आप्पा, तुमच्या अधिकाराबद्दल प्रश्नच नाही. जिल्हा परिषदेच्या शाळांच्या भिंती बोलक्या करण्यात तुमची नोकरी गेली, परिपाठात सुविचार राहून गेला असं कधी झालं नाही. पण यादी वाचताना मला वेगळाच वास आला. पहाटे उठावे. उधळपट्टी करू नये. आई-वडिलांना वेळ द्यावा. आठवड्यातून दोनदा फोन करावा. आप्पा, हा शेवटचा कोणत्या संताचा? रविवारच्या शाळेतली मुलं सात-आठ वर्षांची आहेत, त्यांचे आई-वडील त्यांना घेऊनच फिरतात. तुमच्या चिरंजिवांनी यादी वाचली, घडी घातली आणि म्हणाले, “आप्पांनी पोस्टर नाही, समन्स पाठवलंय.”

मग मी घरात सगळ्यांनाच विचारलं आणि लक्षात आलं, की स्वतःसाठी सुविचार निवडणारा माणूस आपल्या दोन्ही घराण्यांत नाही. तुमच्या चिरंजिवांनी मितभाषणाचं महत्त्व सांगणारं वाक्य काढलं आणि माझ्याकडे बघितलं नाही. मी स्वावलंबनाचं काढलं, मोठ्या टायपात, भांड्यांच्या सिंकवर नेमकं बसेल असं. थोरल्याने रात्री ट्रकमागचं ‘बघतोस काय रागानं, ओव्हरटेक केलंय वाघानं’ सुचवलं. शिरूरच्या बायपासवर मे महिन्यात जो अभ्यास झाला त्याचं हे फळ. धाकटीने ‘मुलांवर ओरडू नये’ असं लिहून खाली साने गुरुजींचं नाव स्वतःच घातलं.

पप्पा, तिला हसू नका. तुमच्या यादीत एकच वाक्य मंगळवारी अब्दुल कलामांचं होतं, गुरुवारी नाना पाटेकरांचं आणि शनिवारी पुलंचं. आमच्या शाळेच्या समितीत एक संशोधक बाई आहेत. त्या प्रत्येक वाक्याला ‘कुठे म्हटलंय? पान नंबर?’ विचारतात. या चाळणीतून तुमचं जवळपास काहीच खाली पडलं नाही. विवेकानंदांचं ते उठण्या-जागण्याचं वाक्य तेवढं टिकलं, पण त्याचंही मूळ कठोपनिषदात निघालं. आप्पा, म्हणजे लवकर उठण्याचा तुमचा आग्रह थेट उपनिषदकालीन आहे. तुमच्या चिरंजिवांना मी हे सांगितलं. त्यांनी कूस बदलली.

आता एसटी-रेल्वेचा वाद. ‘वाट पाहीन पण एसटीनेच जाईन’ हा सुविचार आहे की जाहिरात? आप्पांचं म्हणणं, यात निष्ठा आहे, संयम आहे. शिवाय १ जून १९४८ ला पहिली एसटी नगरहून पुण्याला निघाली ती शिरूरवरूनच गेली, म्हणजे हे स्थानिक वाङ्मय झालं. पप्पांचं उत्तर आलं, की ज्या गावाला रेल्वे नाही त्याला वाट पाहण्याशिवाय पर्याय तरी काय. आणि त्यासोबत ‘सावधानी हटी, दुर्घटना घटी’. पप्पा, गार्ड म्हणून तुमचं आयुष्य त्यावर चाललं हे खरं, पण मुलांना क्रियापदं शिकवायची आहेत, शंटिंग नाही. आणि एसटीवर राग काढू नका. कॉर्ड लाइन झाल्यापासून बऱ्याच नगर-पुणे गाड्या दौंड जंक्शनात न शिरताच निघून जातात, याचा आप्पांशी काही संबंध नाही.

मम्मीने मात्र एका ओळीत काम केलं: “वाक्यं कसली शोधताय, केडगावच्या रमाबाईंचा फोटो लावा.” दौंड तालुक्यात राहून हे आम्हाला सुचू नये! दुष्काळातल्या अनाथ मुली-बायकांना आणून केडगावला मुक्ती मिशन उभं करणारी आणि हिब्रू-ग्रीक शिकून आख्खं बायबल मराठीत आणणारी बाई. भाषा अवघड आहे म्हणून रडणाऱ्या आमच्या पोरांसमोर तिने नुसतं बघितलं तरी पुरे. ठराव एकमताने मंजूर.

दुसरा फोटो गाडगेबाबांचा, खराट्यासह. हा मालकीणबाईंनाही आवडला, आणि त्याला कारण आहे. इथे जिना झाडायची पाळी ज्याच्याकडे, त्याच्या दाराला त्या आठवड्यापुरती पाटी लटकते. याला केअरवोखं म्हणतात, मूळ पंधराव्या शतकातल्या नगरनियमांपर्यंत जातं. पाटीवर ना फूल, ना सूर्य, ना थोर पुरुष. तरी तुमचे चिरंजीव, ज्यांनी शिरूरच्या वाड्यात कधी केरसुणीला हात लावला नाही, ते शनिवारी सकाळी जिना पुसतात. कारण खालच्या मजल्यावरच्या आजी दार किलकिलं करून बघतात. आप्पा, पोस्टरांपेक्षा ती आजी तुम्हाला जास्त पटली असती.

तिसऱ्या जागी आप्पांच्या अक्षरातली मुळाक्षरं हवीत: ‘ळ’ आणि ‘क्ष’ ठसठशीत. छापील चालणार नाहीत. चौथ्या जागी पप्पांनी जुनं वेळापत्रक पाठवावं, स्टेशनांची मराठी नावं असलेलं. मुलं मनमाडपासून दौंडपर्यंत मोठ्याने वाचतील. पाचवी जागा मालकीणबाईंनी स्वतःच घेतली आहे. तिथे त्यांची पाटी आहे: या भिंतीवर पोस्टर लावू नये.

काचेची फ्रेम कुरिअरने पाठवू नका. आईंच्या गुडघ्याचं कळवा. मम्मीला सांगा, चिवडा पोचला, पण शेंगदाणे वाटेत कुणी वेचले का?

तुमची,
सून (शिरूर) / लेक (दौंड)

ता. क. पुढच्या शनिवारी शाळेचं ब्रीदवाक्य ठरवायची सभा आहे. पप्पा, हे आप्पांना कळू देऊ नका. आप्पा, तुम्हीही पप्पांना सांगू नका.