व्युत्पत्तीकाका

बारशाला पाळणा लागतो, आत्या लागते, हरभऱ्याच्या घुगऱ्या लागतात. व्युत्पत्तीकाका लागत नाहीत, ते येतात. आमच्या सोसायटीत येतात, तुमच्याही येत असणार. मराठी मध्यमवर्गात ही जमात सर्वदूर आहे आणि ओळखायला सोपी आहे. आत्या पाळण्यावर वाकते, बाळाच्या कानात कुर्र करते, पाठीत दणादण धपाटे खाते. नाव जाहीर होतं. बायका ‘अय्या, किती गोड!’ म्हणतात. मग मागच्या प्लास्टिकच्या खुर्चीतून कुणीतरी खाकरतं आणि पाठोपाठ प्रश्न येतो, “अर्थ काय म्हणायचा?”

विचारणाऱ्याला उत्तर ठाऊक असतं. बाळाच्या आईबापांना ते ठाऊक नाही, हे चारचौघांत सिद्ध व्हावं एवढाच प्रश्नाचा हेतू.

काका बँकेतून निवृत्त झाले. संस्कृतशी त्यांचा अधिकृत संबंध मॅट्रिकलाच संपला होता. पण त्या पेपरात पडलेले गुण ते अजून असे सांगतात, की काल निकाल लागला असावा. नोकरीचा सगळा काळ लोकांच्या सह्या ताडून पाहण्यात गेला, आणि खुर्ची सुटल्यावर तीच नजर नावांकडे वळली. घरात आपट्यांचा कोश आहे, खाकी कव्हर घातलेला. वामन शिवराम आपट्यांनी तो पुण्यात १८९० साली काढला. काकांकडची आवृत्ती अर्थातच खूप नंतरची. पण बोलण्याचा थाट असा, की मुद्रितं आपट्यांनी यांच्याकडूनच तपासून घेतली होती. शेजारी चित्रावशास्त्र्यांचा प्राचीन चरित्रकोश. डेक्कन कॉलेजातल्या संस्कृत महाकोशाबद्दल मात्र ते जरा हळवे आहेत. ते काम १९४८ साली सुरू झालं, पहिला खंड १९७६ मध्ये आला आणि अजून ‘अ’ हे अक्षर संपलेलं नाही. “याला म्हणतात काम!” असं म्हणताना काकांचे डोळे भरून येतात. म्हणजे शंकेचं पक्कं निरसन आजघडीला फक्त अ-वरून नाव असलेल्या मुलींचंच होऊ शकतं. बाकीच्यांनी काकांवर भागवायचं.

अ-वरून आठवलं. तिसऱ्या मजल्यावरच्या आयटीतल्या जोडप्यानं मुलीचं नाव ‘अनया’ ठेवलं. मोबाइलवर त्याचा अर्थ काहीतरी तेजस्वी, दैवी असा दिलेला होता. (मोबाइलवरच्या याद्यांत प्रत्येक दुसऱ्या मुलीचा अर्थ लक्ष्मी, दुर्गा किंवा तेज यांपैकी एक असतो. नाव काहीही घाला, बाहेर लक्ष्मीच येते.) काका उठून उभे राहिले. “अनया म्हणजे ‘हिच्याकडून’. इदम् सर्वनाम, स्त्रीलिंग, तृतीया, एकवचन.” खोलीत शांतता. बाळाच्या पणजीला कमी ऐकू येतं. तिनं शेजारणीला विचारलं, “काय आलंय हिच्याकडून?”

एवढ्यावर ते थांबते तर काका कसले! “नामच धरायचं म्हटलं तर अनय म्हणजे अनीती. शिवाय राधेच्या नवऱ्याचं नावही अनय. तीन वाटा आहेत, आणि एकही बारशाकडे जात नाही.” बाळाचा बाप प्रोजेक्ट मॅनेजर. तो नम्रपणे म्हणाला, “काका, आम्हाला फक्त छोटं नाव हवं होतं. तिकडे अमेरिकेतही म्हणता येईल असं.” ते ऐकून काकांनी जे तोंड केलं, त्याचं तृतीया एकवचन मला सांगता येणार नाही.

धातुसाधितांवर त्यांचा विशेष राग. गीता म्हणजे गायलेली. अंकिता म्हणजे खूण केलेली. “मुलगी आहे की पोस्टाचं पाकीट?” असं त्यांनी अंकिताच्या वडिलांना विचारलं होतं. नीताचं प्रकरण तर गुरुजींच्या समक्ष घडलं. बाळाचं नक्षत्र निघालं हस्त, आणि अवकहडा चक्रात हस्ताच्या चार चरणांची अक्षरं पू, ष, ण, ठ अशी आहेत. बाळाच्या वाट्याला आला ण. त्यामानानं आर्द्राच्या ङ-वाल्यांचं दुःख मोठं, पण त्या क्षणी ते कुणाला सुचलं नाही. घरचे हवालदिल. काकांचा चेहरा मात्र उजळला. “घाबरू नका. पाणिनीच्या धातुपाठात ‘नेणे’ या अर्थाचा धातू ‘णीञ्’ असा लिहिलाय. सुरुवातीला ण, शेवटी ञ. वापरताना त्या ण-चा न होतो, तसा नियमच आहे.” गुरुजी व्यवहारी. ते म्हणाले, “म्हणजे न चालेल. नीता ठेवा, मोकळे व्हा.” घरच्यांनी सुटकेचा श्वास टाकला. तेवढ्यात काका म्हणाले, “पण नीता म्हणजे नेलेली. कुणी नेली? कुठं नेली?” गुरुजींना पुढं सत्यनारायण होता. त्यांनी दक्षिणा घेतली आणि काकांकडे न बघता जिना उतरले.

आमच्या सोसायटीच्या अध्यक्षा अस्मिता मॅडम. त्यांना काकांनी वार्षिक सभेत, लिफ्टच्या विषयावर चर्चा चालू असताना सांगितलं की पतंजलीनं पाच क्लेश सांगितलेत आणि त्यांत अविद्येच्या खालोखाल नंबर अस्मितेचा लागतो. “चौकाचौकांत फलक लावतात, मराठी अस्मिता जागी झाली म्हणून. क्लेश जागा झाला म्हणा की!” मॅडम शांतपणे म्हणाल्या, “काका, तुमचा मेंटेनन्स दोन महिने थकलाय.”

माहिती चुकीची नसते, हीच तर पंचाईत. चुकीची असती तर हसून सोडून देता आली असती. काकांचं बरोबरच असतं, फक्त ते बारशात असतं.

कधी कधी शास्त्र हाती घेण्याची हौस अंगाशी येते. एका बारशाला कुणीतरी ‘सारिका’ म्हटलं आणि काकांनी थेट मनुस्मृती काढली. मनूचा दंडक असा, की मुलीचं नाव उच्चारायला सोपं, मृदू, अर्थ स्पष्ट असलेलं, मंगल आणि शेवटी दीर्घ स्वर असलेलं असावं. इथवर सगळ्यांनी माना डोलावल्या. पण काका पुढच्या अध्यायात शिरले. नक्षत्र, वृक्ष, नदी, पर्वत, पक्षी, साप यांची नावं असलेली मुलगी करू नये, असं मनूनं तिथं म्हटलंय, आणि सारिका म्हणजे मैना, पक्षी! काकांनी विजयी मुद्रेनं खोलीभर नजर फिरवली. खोलीत रोहिणीताई होत्या, रेवती होती, वृंदा होती, दोन चित्रा होत्या. पाळण्याची दोरी गोदावरीआजींच्या हातात होती. सगळ्या सौभाग्यवती, लेकुरवाळ्या, आणि आता काकांकडे टक लावून बघत होत्या. गोदावरीआजी म्हणाल्या, “तुझ्या बारशाच्या घुगऱ्या खाल्ल्यात मी. बस खाली.” हे अक्षरशः खरं होतं, त्यामुळे काका बसले.

तरीही पुढच्या महिन्यात ते पारस्कर गृह्यसूत्र घेऊन हजर. मुलीच्या नावात विषम अक्षरं असावीत आणि शेवटी ‘आ’ यावा, असं तिथं सांगितलंय. तेव्हापासून बोटांवर अक्षरं मोजणं सुरू झालं. दोन अक्षरी नावाचं काही खरं राहिलं नाही, आणि हल्ली तर सगळ्या मुली दोन-अडीच अक्षरांतच उरकतात.

काकांचा खरा सामना झाला तो ‘मायरा’च्या बारशात. हे नाव कुठल्याच संस्कृत कोशात नाही, म्हणून काकांनी मोहरा राजस्थानकडे वळवला. तिकडे मायरा म्हणजे बहिणीच्या मुलांच्या लग्नात मामानं घेऊन जायचा आहेर. तो भरता भरता मामा लोकांचं कंबरडं मोडतं, असं काकांनी रंगवून सांगितलं. बाळाचा मामा हळूच गॅलरीत निघून गेला. पण बाळाची मावशी संस्कृत घेऊन एम.ए. करत होती. तिनं विचारलं, “काका, उमा नाव चांगलं?”

“चांगलं? अगं, साक्षात पार्वती! कुमारसंभवात कालिदासानं दिलंय. पार्वती तपाला निघाली तेव्हा तिची आई म्हणाली, उ, मा. त्यावरून उमा.”

“उ मा म्हणजे?”

“म्हणजे... अगं, नको.”

“मग ‘अगं नको’ हे नाव चालतं आणि मायरा चालत नाही?”

खोलीतला पंखा तेवढा ऐकू येत राहिला. मुलगी पुढं म्हणाली, “आणि सीता म्हणजे नांगराचं तास. द्रौपदी म्हणजे नुसती द्रुपदाची मुलगी. अपर्णा म्हणजे जिनं पानसुद्धा खाल्लं नाही. अर्थ बघून कुणी ठेवली असती का ही?” काका सावरले. म्हणाले, व्युत्पत्ती हे शास्त्र आहे, त्यात प्रत्येक शब्दाला एक आणि एकच मूळ असतं. तिनं यास्काचं निरुक्त काढलं. दुहिता, म्हणजे मुलगी, या एकाच शब्दाच्या यास्क तीन व्युत्पत्त्या देतो. जिचं हित साधणं अवघड ती, जी दूर असलेली बरी ती, किंवा जी दोहन करते ती. “यातली खरी कुठली, काका?”

काकांनी बराच वेळ विचार केला. मग म्हणाले, “यास्क पर्याय देतो. मोबाइल थापा देतो.” हे उत्तर वाईट नव्हतं. पण माझ्या मते त्या दिवशी मावशीनं सामना जिंकला, आणि अडीच हजार वर्षांपूर्वी यास्काच्या हाती मोबाइल असता तर त्यानंही मायराच्या चार व्युत्पत्त्या काढल्या असत्या.

आता काकूंबद्दल. काकूंचं माहेरचं नाव सुमन. लग्नात आपल्याकडे ताटात तांदूळ पसरून नवरा अंगठीनं बायकोचं नवं नाव लिहितो. काकांनी लिहिलं, ‘ऋतंभरा’. योगसूत्रात समाधीतल्या प्रज्ञेला हे विशेषण आहे, सत्यानं भरलेली. म्हणतात, ऋ नीट यावा म्हणून ते ताटावर इतका वेळ वाकले, की मागून कुणीतरी ‘पंगत खोळंबलीय’ म्हणून ओरडलं. त्यानंतर रेशनकार्डावर ‘रुतंबरा’ आलं, बँकेच्या पासबुकावर ‘ऋतांबरी’, गॅसच्या पुस्तकात ‘ऋतुंबरा’ आणि मतदार यादीत ‘रितांबर’, तेही पुरुष म्हणून. काकू म्हणतात, “चार बायका आणि एक गडी मिळून यांचा संसार केला आम्ही.” माहेरी त्या अजून सुमीच आहेत. आणि ज्यानं एवढं वेचून नाव ठेवलं, तो गृहस्थ त्यांना लग्नापासून आजतागायत ‘अगं’ म्हणून हाक मारतो. “याचा धातू कुठला हो?” असं काकूंनी एकदा सगळ्यांसमोर विचारलं. काका घुगऱ्या चावत राहिले.

एकच प्रसंग असा आहे, की काकांनी नावांवर काही भाष्य केलं नाही. ऑक्टोबर २०११ मध्ये सातारा जिल्ह्यात नकोशी, नकुसा अशी नावं घेऊन वाढलेल्या २८५ मुलींचं समारंभानं नवं नामकरण झालं. घरात पुन्हा मुलगीच झाली म्हणून ठेवलेली ती नावं होती. कुणी देवीचं नाव घेतलं, कुणी सिनेमातल्या नटीचं. पेपरात बातमी आली तेव्हा आम्ही बाकावर काकांच्या शेजारीच होतो आणि नट्यांच्या नावांचा आता कसा समाचार घेतला जातो, याची वाट बघत होतो. काकांनी बातमी शेवटपर्यंत वाचली, घडी घातली आणि म्हणाले, “या जुन्या नावाला कोश लागत नाही.” नव्या नावांतल्या एकालाही त्यांनी बोट लावलं नाही. मग ते उठून दूध आणायला गेले.

तेव्हा तुमच्या घरी पाळणा हलणार असेल तर एक सल्ला. काकांना बोलवा, घुगऱ्या दोनदा वाढा, पण नाव आधी फोडू नका. नावावर घरात एकमत होत नसेल तरी घाई नाही. १९६९ च्या जन्म-मृत्यू नोंदणी कायद्यात नावाशिवायही जन्म नोंदवता येतो. नंतर १२ महिन्यांपर्यंत फुकट आणि पुढं विलंब शुल्क भरून नोंदणीपासून १५ वर्षांपर्यंत दाखल्यात नाव घालून मिळतं. काकांशी चर्चा करूनच ठरवायचं असेल, तर ही मुदत साधारण पुरते.