हिरवं ते रिकामं

गोरेगाव पूर्वेला आरेच्या रस्त्याला लागलं की मुंबईकर हमखास दोन गोष्टी करतो. आधी गाडीची काच खाली करून "काय हिरवंगार आहे हो!" म्हणतो, आणि पिकनिक पॉइंट यायच्या आत मनाशी म्हणतो, "केवढी जागा पडून आहे!" रंगातून शक्ती काढणारी यंत्रं विज्ञानकथांत पुष्कळ भेटतात, लाल किरणाने मारणारी, निळ्याने झोपवणारी. आरेच्या प्रवाशाला तेवढी कल्पना ताणायची गरज नाही. इथे असं यंत्र रोज चालतं आणि त्याचं काम एकच: हिरवं दिसेल ते रिकामं समजायचं.

यंत्राचा अधिकृत पत्ता म्हणजे 1977 साली आरेच्याच जमिनीवर उभी राहिलेली चित्रनगरी. सेटवरची माणसं या यंत्राला 'क्रोमा' म्हणतात. हिरवं कापड ताणायचं, पुढे नट उभा करायचा आणि संगणकाला सांगायचं, हिरवं असेल तिथे स्वित्झर्लंड घाल. भोवती एवढी झाडी असताना मधोमध हिरवं कापड लावून त्यावर परदेशी झाडी चिकटवायची! तंत्रज्ञ म्हणेल, हा चावटपणा नाही, शास्त्र आहे. मान्य. माणसाच्या कातडीचा रंग हिरव्यापासून दूर असतो आणि बहुतेक डिजिटल कॅमेऱ्यांत दर चार ठिपक्यांपैकी दोन हिरव्याचे असतात, म्हणून हिरवं सफाईने कापता येतं. फिल्मच्या जमान्यात हे काम निळ्याकडे होतं. 1940 च्या 'द थीफ ऑफ बगदाद'ला त्यासाठी ऑस्करही मिळालं. मग नट सरळ झाडांपुढे का उभा करत नाहीत? कारण झाडं नापास होतात. जांभळाचा हिरवा निराळा, करंजाचा निराळा, उन्हातला आणि सावलीतला तर एकमेकांना ओळखही देत नाहीत. यंत्राला एकच, सपाट, सुरकुती नसलेला हिरवा लागतो. जंगल पुरेसं हिरवं नाही, हा शेरा जगात बहुधा इथेच मिळत असेल. मालिकेतल्या नव्या नवरीची पंचाईत तर विचारू नका. हिरवा चुडा भरून ती क्रोमापुढे नमस्काराला उभी राहिली की मनगटांत स्वित्झर्लंड दिसतं आणि पंजे अधांतरी हात जोडतात. तिथे मुकाट्याने निळं कापड काढावं लागतं.

कापडाच्या या गमतीचा जमिनीशी काय संबंध, असं कोणी विचारेल. नियम तोच आहे, हा संबंध. शहरातले तबेले हलवून 1949 साली दारा खुरोडींच्या पुढाकाराने आरेत सुमारे 3,160 एकरांवर दुग्धवसाहत वसली. म्हैस हे त्यातल्या त्यात प्रामाणिक यंत्र. हिरवं घेते, पांढरं देते आणि स्वतः काळीची काळी राहते. पुढच्या पाहुण्यांनी हिरवं घेतलं, परत काही दिलं नाही. चित्रनगरी आली, राखीव पोलीस दल आलं, शेवटी मेट्रो-3 ची कारशेड. ऑक्टोबर 2019 मध्ये उच्च न्यायालयाने आरेला जंगल ठरवायला नकार दिला आणि सर्वोच्च न्यायालयाची स्थगिती येईपर्यंत 2,141 झाडं पडली होती. पुढच्याच वर्षी सरकारने आरेतलीच सुमारे 800 एकर जमीन राखीव वन करण्याचं जाहीर केलं. रंग तोच, एका वर्षी पार्श्वभूमी, दुसऱ्या वर्षी नायक.

मग मेट्रो नको होती का? हवीच होती, लोकलच्या दाराला लोंबकळणाऱ्याला हा प्रश्न विचारणंही क्रूरपणा आहे. तक्रार गाडीबद्दल नाही, जागा शोधणाऱ्या नजरेबद्दल आहे. ती टॉवरांवरून घसरत येते आणि हिरव्यावर विसावते, कारण तिथे कोणी राहत असेल हे तिला सुचतच नाही. प्रत्यक्षात या हिरव्यात 27 आदिवासी पाडे आहेत आणि त्यांतले बरेचजण वारली आहेत. वारली चित्रात गेरूवर तांदळाच्या पिठाचा पांढरा रंग असतो, झाडंसुद्धा पांढरी. तशी भिंत क्रोमापुढे उभी केली तर यंत्राला एक रेघ पुसता येणार नाही. परतताना प्रवाशाने मेट्रोच घ्यावी. एरवी जमिनीखालून धावणारी ही गाडी आरेत येऊन वर डोकं काढते. या मार्गिकेचं नाव 'अ‍ॅक्वा', म्हणजे हिरव्यात थोडा निळा मिसळलेला. असा मिश्र रंग कापताना क्रोमावाल्यांची फार चिडचिड होते.