तीन तासांचा क्रोसाँ

पॅरिसला जाऊन नुसता आयफेल टॉवर बघून येणं हल्ली कमीपणाचं झालंय. टॉवर सगळेच बघतात. आता विचारतात, "तिथे जाऊन केलंत काय?" सुट्टीवर आलेल्या माणसाला कामाला जुंपायचं आणि त्याचे पैसेही त्याच्याचकडून घ्यायचे, ही कल्पना ज्याच्या डोक्यातून निघाली त्याचा पुतळा उभारायला हवा. लोण्याचा.

तर फ्रेंच पेस्ट्रीचा वर्ग. आठ-दहा माणसं, तीन तास, शिकवणी इंग्रजीतून, फी शंभर-सव्वाशे युरो. आपल्या पैशांत दहा-बारा हजार. एप्रन मिळतो. जाताना परत द्यायचा असतो.

गट लहान का? प्रत्येकाकडे जातीने लक्ष देता यावं म्हणून. ओटाच तेवढा आहे, असं जाहिरातीत लिहायची पद्धत नाही.

गटात असतं कोण? मधुचंद्राला आलेलं एक जोडपं. मुलांनी वर्ग 'भेट' दिलेले एक निवृत्त गृहस्थ, चेहऱ्यावर भेट स्वीकारल्याचा शीण. दोन मैत्रिणी. आणि आपल्याकडचं एक कुटुंब, त्यात बाई लाटतात आणि नवरा व्हिडिओ काढतो. घरीही कामाची वाटणी अशीच असते. फक्त व्हिडिओ नसतो.

आता मूळ मुद्द्याकडे येऊ. क्रोसाँचं पीठ आणि घाई यांचं जुनं वैर आहे. मैदा, पाणी, थोडं दूध, साखर, मीठ, यीस्ट. मळायचं आणि फ्रिजमध्ये ठेवायचं, शहाणे लोक रात्रभर ठेवतात. मग गार लोण्याची चौकोनी लादी त्यात गुंडाळायची. लाटायचं, पत्रासारखी तिहेरी घडी घालायची, पुन्हा फ्रिज. असं तीनदा. तीन त्रिक नऊ, नऊ त्रिक सत्तावीस, म्हणजे लोण्याचे 27 थर. मग त्रिकोण कापायचे, गुंडाळायचे, दोन-अडीच तास फुगू द्यायचे आणि शेवटी भट्टी.

हे सगळं तीन तासांत बसतं कसं?

बसत नाही.

म्हणून बहुतेक वर्गांत एक हातचलाखी असते. तुम्ही पीठ मळता, शेफ मान डोलावतो, पीठ फ्रिजमध्ये जातं. त्याच फ्रिजमधून काल कोणीतरी मळलेलं पीठ बाहेर येतं, ते तुम्ही लाटता. लाटलेलं फुगायला वेळ नाही, म्हणून आधीच फुगवून ठेवलेला ट्रे भट्टीत जातो. तुमचं पीठ उद्याच्या गटाच्या नशिबी. टीव्हीवरच्या ताई "हे मी आधीच करून ठेवलंय" म्हणतात, तेव्हा निदान आपण ते फुकट बघत असतो.

शेफचा यात काडीचा दोष नाही. त्याच्याकडे तीन तास आहेत, तुमची पाचची बोट आहे. वर्गातून एकच गोष्ट वगळलेली असते, वाट बघणं. आणि अवघड नेमकं तेच आहे. बाकी कृती अर्ध्या पानात मावते.

तरी निकाल बघा. शंभर टक्के. एकाचा क्रोसाँ गोगलगायीसारखा, एकाचा लोणी गळून ट्रेमध्ये तळलेला, एकाचा ओळखू न येणारा. सगळ्यांना 'ब्राव्हो'. वर छापील प्रमाणपत्र. आपल्याकडची शिक्षणव्यवस्था उगाच बदनाम आहे.

फ्रान्समध्ये खरं प्रमाणपत्रही असतं बरं का. त्याला सीएपी म्हणतात. सरकारी, व्यावसायिक, परीक्षा घेऊन दिलेलं. पोरांना त्यासाठी साधारण 2 वर्षं लागतात, मोठ्यांना वर्षभर. त्याही वर 'मेयर उव्रिये द फ्रान्स' नावाची स्पर्धा. ती जिंकली की कोटाच्या कॉलरवर निळा-पांढरा-लाल पट्टा लावता येतो. न जिंकता लावला तर कायद्याने गुन्हा. आपल्याकडे हा नियम आणला तर निम्मे 'मास्टर शेफ' आत जातील.

वर्गात गोष्टीही सांगतात, भट्टी तापेपर्यंत. 1683 साली तुर्कांनी व्हिएन्नाला वेढा घातला, पहाटे जागे असलेल्या बेकरांनी भुयार खणल्याचे आवाज ऐकले, शहर वाचलं, म्हणून चंद्रकोरीचा पाव. किंवा राणी मारी आंत्वानेतने तो व्हिएन्नातल्या माहेराहून आणला. गोष्टी छान आहेत. पुरावा कशालाच नाही.

पुरावा आहे तो ऑगस्ट झांगचा. हा ऑस्ट्रियाच्या तोफखान्यातला माजी अधिकारी. 1830 च्या दशकाच्या अखेरीस त्याने पॅरिसमध्ये व्हिएन्ना पद्धतीची बेकरी थाटली, तिथल्या किपफेर्ल नावाच्या चंद्रकोरी पावाची पॅरिसने नक्कल केली, आणि पदर सुटलेला आजचा क्रोसाँ तर थेट विसाव्या शतकाच्या सुरुवातीचा. 1848 साली झांग व्हिएन्नाला होता आणि त्याने 'डी प्रेसे' नावाचं वर्तमानपत्र काढलं. हवा भरून विकायचा अनुभव पाठीशी होताच.

बरं, 'फ्रेंच माणसासारखं जगा' असं सांगत हा वर्ग विकतात. फ्रेंच माणूस घरी क्रोसाँ करतो का? सहसा नाही. तो जिना उतरतो, सव्वा-दीड युरो टाकतो, कागदात गुंडाळलेला क्रोसाँ घेऊन वर येतो. घरात लोणी लाटत बसणारा पर्यटक पाहिला तर त्याला वाटेल, या बिचाऱ्याच्या गल्लीत बेकरी नाही.

आणि त्या गल्लीतल्या बेकरीचंही ऐका. 1998 च्या कायद्याने तिथे 'बुलांजेरी' ही पाटी ज्याला त्याला लावता येत नाही. पीठ जागेवर मळलेलं, पाव जागेवर भाजलेला हवा, कुठल्याही टप्प्यावर गोठवलेला चालत नाही. कडक कायदा. पण तो पावाचा. क्रोसाँला लागू नाही. त्यामुळे कितीतरी दुकानांत क्रोसाँ कारखान्यातून गोठलेल्या अवस्थेत येतो आणि मागच्या खोलीत फक्त भाजला जातो.

म्हणजे पर्यटक शंभर युरो देऊन हाताने लाटतोय, आणि खालचा दुकानदार खोकं फोडतोय. यातला अस्सल फ्रेंच कोण?

आता आपल्या त्या बाईंकडे वळू, ज्या गेला तासभर मुकाट्याने लाटताहेत. शेफ त्यांच्या लाटण्यावर खूश आहे. कडा सरळ, जाडी एकसारखी. "याआधी केलंय का?" असं त्याने विचारलं, आणि त्या संकोचाने "नाही" म्हणाल्या.

नाही कसं? चिरोटे कोणी केले मग?

तांदळाचं पीठ तुपात फेसून साटा करायचा, पातळ पोळ्यांवर फासायचा, पोळ्या एकावर एक चढवायच्या, घट्ट गुंडाळी करायची, कापायची, हलक्या हाताने लाटायची, तळायची. तुपात पडल्यावर पदर सुटले पाहिजेत. पीठ आणि स्निग्ध यांचे एकाआड एक थर, उष्णतेने ते विलग होणं: तत्त्व तेच. यीस्ट नाही आणि भट्टीऐवजी कढई, एवढाच फरक. पण सासूबाईंनी शिकवताना फी घेतली नव्हती आणि 'ब्राव्हो'ही म्हटलं नव्हतं. "हात जड आहे तुझा" म्हणाल्या होत्या. असल्या शिक्षणाचा बायोडेटात उल्लेख कोण करतो?

आता चिरोटे दिवाळीला डब्यातून विकत येतात. क्रोसाँ शिकायला मात्र पॅरिस गाठायचं. आणि बेकरीतली खारी? तिचे पदर रोज चहात बुडवतो, त्याबद्दल कोणी कौतुकाचा शब्द काढल्याचं स्मरत नाही. खारी एप्रन देत नाही ना.

मध्येच एक प्रश्न हमखास येतो, दबक्या आवाजात: "एगलेस होईल का?" शेफचा चेहरा पडतो. खरं तर क्रोसाँच्या पिठात अंडं नसलं तरी चालतं, ते वरून चकाकीसाठी फासतात, तिथे दूध लावा. मॅकरॉनचं मात्र अवघड आहे. अंड्याचा पांढरा बलक, साखर, बदामाची पूड, संपलं. काबुली चण्याच्या पाण्याला फेस आणून बिनअंड्याचेही करतात म्हणे लोक, आणि ते जमतातही. पण त्यासाठी पॅरिसला कशाला जायचं? छोले घरीच होतात.

मग माणूस परत येतो. कृतीची पीडीएफ मेलवर आलेली असते. रविवार ठरतो. एप्रिल महिना, ओट्यावरचा पारा पस्तिशीला. लाटताना लोणी गार हवं, पण लवचीक हवं, पंधरा अंशांच्या आसपास. फार गार असलं तर पिठाच्या आत तडकतं, मऊ पडलं तर पिठात मुरतं. फ्रान्समध्ये बिनमिठाच्या लोण्यात निदान 82 टक्के स्निग्धांश लागतो, व्यावसायिक लोक 84 चं वापरतात. आपल्या वडीत 80, वर मीठ. दुसऱ्या घडीपर्यंत थर एकमेकांत विरघळतात आणि भट्टीतून निघतो पाव. चांगला लागतो. दहा-बारा हजारांचा लागतो.

पीडीएफमध्ये 'थंड खोली' असं लिहिलेलं होतं. ते पॅरिसमध्ये वाचलं तेव्हा फालतू वाटलं होतं.

मग हे सगळं थोतांडच का? नाही हो. एक गोष्ट तिथे खरोखर हाताला कळते, आणि ती पुस्तकातून कळत नाही. दोन घड्या झाल्यावर शेफ पिठाची कड सुरीने कापून दाखवतो. आत पिवळ्या-पांढऱ्या रेघा, वहीच्या पानांसारख्या. लोण्याची लादी हातात घेऊन वाकवून बघायला लावतो, चामड्याच्या पट्ट्यासारखी वाकली पाहिजे, मोडता कामा नये. तेवढी दोन मिनिटं फीला लायक. उरलेली एकशे अठ्ठ्याहत्तर मिनिटं फोटोची.

तेव्हा जायचंच असेल तर क्रोसाँचा वर्ग घेऊ नका. एक्लेअरचा घ्या. त्याचं पीठ गंमतीचं आहे: पाणी आणि लोणी उकळायचं, त्यात मैदा टाकून तिथेच गॅसवर उकड काढायची, जरा निवली की एकेक अंडं फेटत घालायचं, पिशवीतून लांबट पाडायचं, भट्टीत घालायचं. आतल्या वाफेने ते फुगतं आणि पोकळ होतं. रात्रभर ठेवणं नाही, थंड खोली नाही, कालचं पीठ नाही. तीन तासांत सुरुवातीपासून शेवटपर्यंत तुमचंच, आणि एप्रिलमध्ये पुण्यातही जमतं. अर्थात फोटोत क्रोसाँइतकं भाव खात नाही. म्हणूनच त्याच्या जागा रिकाम्या असतात.

आणि क्रोसाँचाच हट्ट असेल तर पैसे भरण्याआधी मेलवर एकच प्रश्न विचारा: भाजणार ते पीठ कोणाचं? उत्तराऐवजी स्मायली आली तर समजून जा.

त्यापेक्षा क्रोसाँ खाच. वर्गाच्या पैशांत सत्तरच्या वर येतात. सकाळी लवकर जा, काउंटरवर 'क्रोसाँ ओ बर', म्हणजे लोण्याचा क्रोसाँ, असं म्हणा, आणि आकार बघा. तिथला रिवाज असा, कायदा नव्हे: सरळ तो लोण्याचा, चंद्रकोरीसारखा वाकडा तो बहुधा मार्गारिनचा. पर्यटक वाकडा घेतात. जाहिरातीत तोच असतो.