दोन्ही घरच्या कड्या

आपा, जरा भिंतीपशी या. हळू बोला, आमच्या आत्याबाई वसरीवरच हायत.

आज पुन्हा गाठोडं बांधलं बगा त्यांनी. दोन लुगडी, एक फुलपात्र अन् मूठभर भाजके हरभरे. डोळ्याला धड दिसंना, पण गाठ अशी मारतात की मला दातानं सोडवावी लागती. सप्टेंबर लागला की दरसाल हेच. राजगोपालाचारी उद्यानात 17 तारखेला मुक्तिदिनाचा झेंडा होतो ना, तवा तर आणखीच.

रझाकारीत आठ-नऊ वर्षांच्या होत्या त्या. बाकीचा देश सुटून वर्ष झालेलं, आपली परभणी निजामाकडंच. कासीम रझवी लातूरचा वकील, रझाकारांचा म्होरक्या. त्याची माणसं गावात आली की बायकापोरं उभ्या जवारीत शिरायची. धाकट्या भावानं रडू नाही म्हणून आईनं त्याच्या तोंडावर हात दाबला होता. पुढचं त्या सांगत नाहीत, मीबी विचारीत नाही. हुरड्याला शेतात नेलं तर बांधावरच बसून राहिल्या. फडात पाय ठिवला नाही.

तुमच्या अम्मी ‘पुलिस ॲक्शन’ म्हणतात, आमच्या आत्याबाई ‘रझाकारी’. साल एकच, 1948. भारताची फौज 13 सप्टेंबरला शिरली, 17 ला निजाम शरण आला. आमच्याकडं साखर वाटली म्हणं. अन् तुमच्याकडं? नंतर नेहरूंनी पंडित सुंदरलालांची समिती धाडली, ते लेकानं परवा वाचून दाखवलं. कमीत कमी धरलं तरी 27 ते 40 हजार माणसं मेली, असा त्यांचा अंदाज. उस्मानाबाद, बिदर, गुलबर्गा अन् आपलं नांदेड, इकडं जास्त. तो अहवाल कैक वर्षं दाबूनच ठिवला. झेंड्याच्या भाषणात ऐकलाय कधी? मी तर नाही. अम्मींच्या पेटीत तळाशी ती लाल रुमी टोपी हाय ना, कुणाची ते तुम्हाला तरी सांगितलं का त्यांनी?

गेल्या साली सलामीचे बार झाले तवा मी अंगणात धुणं वाळू घालत होते. पहिल्याच बाराला आमच्या दाराची कडी वाजली. लगेच तुमच्याबी. दोन म्हाताऱ्या, दोन्ही आतून बंद! मला आधी हसूच आलं, मग ओलं लुगडं तसंच हातात राहिलं.

गाठोडं मी रात्री सोडते. लुगडी परत पेटीत. हरभरे पोरं खातात, त्यांना वाटतं आजीनं खाऊ ठिवला.

अगं बाई, उठल्या वाटतं… काही नाही आत्याबाई, आपाला कढीपत्ता मागायलते!